लेट्यूसचं उन्हाळी वेळापत्रक

बस डेपोतून निवृत्त झालेला माणूस पहिल्या महिन्यात घरच्यांना वेळापत्रक लावतो आणि दुसऱ्या महिन्यात घरचे त्याला मागच्या अंगणात धाडतात. कंट्रोलरच्या बाबतीत हे जरा लवकरच झालं. त्यांनी स्वयंपाकघराच्या भिंतीवर चहाच्या वेळा लिहून चिकटवल्या, त्याच संध्याकाळी बायकोने त्यांच्या हातात खुरपं दिलं आणि मागचं दार उघडून धरलं. नोकरी संपली तरी गल्लीतले लोक त्यांना कंट्रोलरच म्हणत. खरं सांगायचं तर त्यांना स्वतःच्या नावापेक्षा तेच जास्त आवडे.

मागचं अंगण म्हणजे घराच्या रुंदीएवढी एक लांबट पट्टी. एका टोकाला कपडे वाळत घालायच्या तारा, दुसऱ्या टोकाला विटांच्या चौथऱ्यावर पाण्याची टाकी. पण कंट्रोलरना जागा कधी कमी वाटली नाही. अख्ख्या शहराच्या गाड्या त्यांनी टेबलाएवढ्या नकाशावर हलवल्या होत्या. त्यांनी पट्टीचे वाफे केले, वाफ्यांना क्रमांक दिले, आणि कोणत्या वाफ्यातून काय कधी सुटेल याचा तक्ता करून तो चहाच्या वेळांच्या जागी लावला. चहा पुन्हा मन मानेल तेव्हा होऊ लागला आणि बायकोने सुटकेचा श्वास सोडला.

लेट्यूसचा विषय लेकीमुळे निघाला. लेकीने ऑफिसांच्या इमारतींसमोर, दोन रस्ते मिळतात त्या कोपऱ्यावर, सँडविचचं छोटं दुकान काढलं होतं. दुकान चांगलं चाले, पण ठोक व्यापाऱ्याकडून येणारं लेट्यूस पाहून तिच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. कडा तपकिरी, गड्ड्याच्या पोटात चिखल, आणि जे काही बरं निघे ते दुपारपर्यंत मान टाकायचं. एका रविवारी जेवताना ती हे सगळं सांगत होती. कंट्रोलर ताटातली काकडी संपवत शांतपणे म्हणाले, "त्याला सांग, उद्यापासून येऊ नकोस. मी देतो."

"एखादा महिना देऊन भागत नाही बाबा."

"बारा महिने देतो."

"उन्हाळ्यात पण?"

"उन्हाळ्यात गाड्या बंद असतात का?"

"गाड्या नाही, लेट्यूस म्हणतेय मी."

"बारा म्हणजे बारा," कंट्रोलर म्हणाले, आणि दही मागितलं.

दुसऱ्या कुणाच्या बापाने हे म्हटलं असतं तर लेक हसून मोकळी झाली असती. पण हा बाप येतो म्हणाला त्या वेळेला फाटकाची कडी वाजणार, हे ती जन्मापासून पाहत आली होती. तिने व्यापाऱ्याला खरोखर नारळ दिला. इतकंच नाही, रंगाऱ्याला बोलावून दुकानाच्या पाटीवर मोठ्या हिरव्या अक्षरांत लिहून घेतलं: 'घरच्या बागेतलं ताजं लेट्यूस, बारा महिने.' पाटी पाहायला कंट्रोलर इस्त्रीचा शर्ट घालून गेले होते. रस्त्याच्या पलीकडून पाहिली, मग अलीकडे येऊन पाहिली, आणि घरी येऊन फक्त एवढंच म्हणाले की अक्षर जरा तिरकं आलंय.

त्यांची पद्धत साधी होती. दर दुसऱ्या सोमवारी ट्रेमध्ये बी टाकायचं. ते रुजून रोपं झाली की वाफ्यात लावायची, तोवर पुढचा ट्रे तयार. एक वाफा काढणीला, एक वाढीला, एक नुकता लावलेला, आणि पुढची खेप ट्रेमध्ये. गाडीमागे गाडी. गड्डा उपटायचा नाही, सकाळच्या गारव्यात बाहेरची पानं तेवढी खुडायची, आतल्या कोवळ्या पानांना हात लावायचा नाही, म्हणजे तेच झाड पुन्हा पुन्हा पानं देतं. खुडलेली पानं गार पाण्याच्या टबात बुडवायची, निथळायची, ओल्या फडक्यात गुंडाळून टोपलीत घालायची आणि लेक दुकान उघडते तोवर टोपली पोचवायची. पानं इतकी करकरीत असत की सँडविच खाताना दुकानाबाहेरच्या बाकापर्यंत आवाज जाई.

थंडीत पानांची वाढ मंदावली, तरी कंट्रोलर डगमगले नाहीत. भंगारवाल्याकडून जुन्या खिडक्यांच्या काचा आणून वाफ्यांवर ठेवल्या. रात्री झाकायच्या, ऊन आलं की एका बाजूने उचलून टेकू द्यायचा. आता खरं पाहता थंडीत त्यांचं वेळापत्रक कोलमडलंच होतं. तीन खेपांची रोपं एकमेकांना गाठून एकाच उंचीला येऊन थांबली होती, जशा गर्दीच्या वेळी एकाच थांब्यावर तीन बसगाड्या पाठोपाठ लागतात. पण गारठ्यात लेट्यूस जागच्या जागी उभं राहतं, बिघडत नाही, त्यामुळे टोपली रोज भरत होती. टोपली भरत असली की कोण कशाला खोलात शिरतो? कंट्रोलरनी त्याचा अर्थ असा लावला की आपली पद्धत कोणत्याही हवेत चालते. भिंतीवरच्या तक्त्याखाली त्यांनी लाल रेघ मारली, म्हणजे आता यात बदल नाही.

आणि मग उन्हाळा आला. हळूहळू नाही, एका आठवड्यात आला.

वाफ्यांतली झाडं एकदम उंच होऊ लागली. कंट्रोलरना आधी कौतुक वाटलं. "बघ, कशी जोमात आहेत," ते बायकोला म्हणाले. बायको कपडे वाळत घालत होती. तिने चिमटा तोंडातून काढला आणि म्हणाली, "जोमात नाहीत अहो, फुलावर चाललीत. तुरे फुटलेत ते." दोन-तीन दिवसांत सगळ्या वाफ्यांत, आधी लावलेल्यात आणि नंतर लावलेल्यातही, मधोमध दांडे उभे राहिले. पान खुडलं की देठातून पांढरा चीक येई. कंट्रोलरनी एक पान चावलं. ते औषधासारखं कडू होतं. त्यांनी ते गिळलं, कारण बायको पाहत होती, आणि म्हणाले, "जरासं कडसर आहे. पण ब्रेडबरोबर कळणार नाही."

ब्रेडबरोबर कळलं. लेकीने दुकानात पहिलंच पान तोंडात घातलं आणि कचऱ्याच्या डब्यापर्यंत धावत गेली.

तरी कंट्रोलरचा भरवसा पुढच्या खेपेवर होता. तक्त्याप्रमाणे ट्रेमध्ये बी पडलेलं होतं, आता ते उगवलं की झालं. पण ते उगवेना. त्यांनी वाट पाहिली, झारीने पाणी घातलं, माती उकरून पाहिली. बियांच्या दुकानात जाऊन दुकानदाराला चार शब्द सुनावले आणि नवं पाकीट आणलं. तेही उगवलं नाही. उन्हापासून वाचावं म्हणून पुढच्या खेपेला बी बोटभर खोल पुरलं. त्याने तर मातीचा कणही हलला नाही. शेवटी एक दिवस त्यांचा असा काही पारा चढला की उरलेलं पाकीट त्यांनी टाकीच्या दिशेने भिरकावलं, ट्रेमधली मातीही तिथेच आपटून झटकली आणि घरात येऊन दार लावून घेतलं. बायकोने विचारलं, "कसला आवाज झाला?" ते म्हणाले, "मांजर असेल."

त्या संध्याकाळी लेक घरी आली. ती चिडली असती तर बरं झालं असतं. ती आली, चहा केला, त्यांच्याजवळ बसली आणि त्यांच्या हातावर हात ठेवला.

"बाबा, काही बिघडत नाही. मी आता काकडी आणि कोबी घालतेय. लोक खातात. रंगारी महिनाअखेरीस मोकळा आहे म्हणाला, त्याला सांगून 'बारा महिने' तेवढं पुसून घेते."

"पुसू नकोस. थांब जरा."

"बरं," लेक म्हणाली. "तुम्ही त्रास करून घेऊ नका. हवा बदलली की लावा हवं तर, वेळ जाईल तुमचा."

ती गेल्यावर कंट्रोलरनी गार झालेला चहा संपवला. पाटी पुसली जाणार याचं दुःख होतंच, पण खरं काळजाला लागलं ते तिचं 'बरं'. लहान मूल मोठेपणी विमान चालवणार म्हणतं तेव्हा आपण असंच 'बरं' म्हणतो. डेपोत त्यांना लोकांनी शिव्या दिल्या होत्या, ड्रायव्हर अंगावर धावून आले होते, साहेबांनी झापलं होतं. पण त्यांना कुणी कधी गोंजारलं नव्हतं. महिनाअखेरीस रंगारी येऊन दोन शब्द पुसेल, आणि त्याबरोबर आपण या घरात ज्याचा शब्द धरायचा असतो असा माणूस राहणार नाही, ज्याचा वेळ जावा म्हणून बघायचं असतं असा म्हातारा होऊ, हे त्यांना लख्ख दिसलं. दिसलं तसं ते उठले, तोंड धुतलं आणि बायकोला म्हणाले, "उद्या मला डबा करून दे. मी दिवसभर बाहेर आहे."

"कुठे चाललात?"

"मागच्या अंगणात."

डेपोतली त्यांची एक जुनी रीत होती. एखादी गाडी रोज त्याच टप्प्यावर रखडत असली की फोनवर ओरडून काही हाती लागत नाही. त्या गाडीत बसायचं आणि पहिल्या थांब्यापासून शेवटच्या थांब्यापर्यंत जायचं, तोंड मिटून. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी खुर्ची घेतली, डोक्याला ओला पंचा बांधला आणि अंगणात बसले. दर थोड्या वेळाने उठत, वाफ्यात हात घालत, ट्रेच्या मातीत बोट खुपसत, भिंतीला तळवा लावत. बायको खिडकीतून पाहत होती. शेजारीण कुंपणावरून पाहत होती. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं आणि आपापल्या कामाला लागल्या.

दुपारपर्यंत त्यांना एवढं कळलं की ट्रे तापून तव्यासारखे होतात. सकाळी घातलेलं पाणी आत कोमट होतं. त्यात बी टाकणं म्हणजे ते शिजवणंच होतं. मग ऊन चुकवायला ते खुर्ची ओढत ओढत टाकीच्या सावलीत गेले. टाकीचा नळ जरा ठिबकत असे, वायसर बदला म्हणून बायको वर्षभर मागे लागली होती. खाली विटांच्या कडेला कायम ओल. त्या ओलीत, त्यांच्या चपलेच्या अगदी पुढ्यात, हिरवे ठिपके होते. कंट्रोलर खाली वाकले, मग गुडघ्यांवर बसले, मग सरळ पोटावर आडवे झाले. प्रत्येक ठिपक्याला दोन गोल पानं. लेट्यूस. मांजराने टाकलेलं पाकीट बाजूलाच पडलं होतं.

यावेळी त्यांनी घाईने टाळी वाजवली नाही. पालथं पडूनच नीट पाहिलं. जे बी मातीवर उघडं पडलं होतं ते उगवलं होतं. जे विटेच्या फटीत खोल गेलं होतं ते नाही. सावली होती, पण उजेडही होता. माती हाताला गार लागत होती, सतत ओली होती. म्हणजे बी मेलेलं नव्हतं, दुकानदारही चोर नव्हता. बियाला बसायला गार जागा हवी होती आणि डोक्यावर पांघरूण नको होतं, आणि आपण नेमकं उलट करत होतो. उताण्या पडलेल्या झारीकडे पाहत कंट्रोलर स्वतःशीच म्हणाले, "डेपोत दर वर्षी उन्हाळी वेळापत्रक वेगळं काढत होतो की आपण. इथेच कशी अक्कल गहाण टाकली?"

त्यानंतरचे दिवस घरातल्या माणसांना जड गेले. कंट्रोलरनी भिंतीवरचा तक्ता लाल रेघेसकट काढून टाकला. ओल्या कापडात बी गुंडाळून ती पुरचुंडी त्यांनी फ्रीजमध्ये लोण्याच्या डब्याला खेटून ठेवली. बायकोने ती चीजची समजून उघडली आणि अर्धं बी फरशीवर सांडलं. बी चांगलं गारठल्यावर ते संध्याकाळी ट्रेमध्ये मातीवर नुसतं भुरभुरलं, तळव्याने हलकं दाबलं. ट्रे कुठे ठेवायचे यासाठी कंट्रोलर पायात पायताण न घालता घरभर फिरले, कुठली फरशी सगळ्यात गार आहे ते पाहायला. न्हाणीघराची होती. वर झडपेतून उजेडही येत होता. मग काय, न्हाणीघरात भिंतीलगत ट्रेची रांग लागली.

"आता आंघोळ कुठे करायची?" बायकोने विचारलं.

"करा की तिथेच. फक्त साबणाचं पाणी उडवू नका. आणि गरम पाणी नको."

"आणि मी म्हटलं माझ्याच घरात मला गरम पाणी हवंय तर?"

"मग सकाळी लवकर. ट्रे बाहेर काढून देईन, परत आत घेईन." ते खरोखर रोज काढून देत आणि परत आत घेत. बायको आतून कडी लावताना हसे, पण ते हसू ती त्यांना दिसू देत नसे.

बी उगवलं. दाट, हिरवंगार, सगळंच्या सगळं. रोपं वाफ्यात गेली ती तारांवरून ताणलेल्या हिरव्या जाळीखाली. जाळी पुरली नाही तिथे बैठकीच्या खोलीतला पडदा गेला, आणि त्याबद्दल बायको जे बोलली ते कंट्रोलरनी मुकाट्याने ऐकून घेतलं. मातीवर वाळकं गवत अंथरलं, पाणी पहाटे आणि संध्याकाळी. आणि सगळ्यात मोठा बदल असा की गड्डा भरायची वाट पाहायची नाही. दांडा उभा राहायची संधीच द्यायची नाही, बोटाएवढी पानं झाली की कापायची. खेपा छोट्या, पण लवकर लवकर. गर्दीच्या मार्गावर मोठ्या गाड्यांपेक्षा छोट्या गाड्या वारंवार सोडाव्या लागतात, हे त्यांना कुणी शिकवायला नको होतं.

लेकीला त्यांनी यातलं काही कळू दिलं नाही. ती फोनवर विचारी, "काय करताय बाबा?" ते म्हणत, "वेळ जातोय." बायको पलीकडून डोळे मोठे करी.

महिनाअखेर आली. रंगारी सकाळी दुकानावर येणार होता. कंट्रोलरनी उजाडता उजाडता पहिली कापणी केली. पानं कोवळी होती, काही फिकट हिरवी, काही तांबूस कडांची, आणि एकही कडू नव्हतं. त्यांनी प्रत्येक झाडाचं चाखून पाहिलं होतं. पण कापणी थोडी होती. टोपलीच्या तळाशी पसरली तर जेमतेम तळ झाकला. कंट्रोलर क्षणभर टोपलीकडे पाहत राहिले. बाजारातून दोन गड्डे आणून खाली घालता आले असते, वरून कोण बघतं? पण तो विचार त्यांनी उभाही राहू दिला नाही. जेवढी आहेत तेवढी घेऊन ते निघाले.

ट्रे आवरण्यात उशीर झाला होता. ते पोचले तेव्हा दुकान उघडलं होतं, गिऱ्हाइकं उभी होती, आणि रंगारी शिडी टेकवून डबा ढवळत होता. लेक पाव कापत होती. कंट्रोलरनी टोपली काउंटरवर ठेवली आणि फडकं उचललं.

लेक थांबली. तिने एक पान घेतलं, चावलं. मग दुसरं घेतलं, उजेडात धरून पाहिलं. तिने बापाकडे पाहिलं नाही, शिडीकडे पाहिलं.

"ए दादा, डबा बंद कर. काही पुसायचं नाहीये." मग ती टोपलीकडे वळली आणि तिच्या कपाळाला आठी पडली. "बाबा, एवढंच?"

"पहिलीच कापणी आहे. परवा दुसरी—"

"परवा? आणि उद्या मी काय देऊ लोकांना? दुपारच्या आधीच संपेल हे. पाटीवर बारा महिने लिहिलंय, दिवसाआड नाही लिहिलेलं. उद्या याच्या दुप्पट पाहिजे मला. आणि दुकान उघडायच्या आत. आज किती उशीर केलात? ही बघा, माती आहे अजून देठाला. मला इथे निवडत बसायला वेळ असतो का?"

रांगेतल्या एका आजीबाईंना राहवलं नाही. "अगं, वडील आहेत ना तुझे? जरा दमानं बोल की."

कंट्रोलर त्यांच्याकडे वळले. "तुम्ही मध्ये बोलू नका हो," ते म्हणाले. "तिचं बरोबर आहे. उशीर झालाच आहे." आणि लेकीला म्हणाले, "उद्या दुप्पट होणार नाही. परवाचा वाफा उद्याच कापतो, दीडपट होईल. धुऊन, निवडून."

"दीडपट म्हणजे दीडपट," लेक म्हणाली. "मी मोजून घेणार." आणि ती पुन्हा पाव कापू लागली.

कंट्रोलर घरी आले ते जवळजवळ धावतच. बायको दारातच उभी होती, सकाळपासून जीव टांगणीला लागला होता तिचा.

"काय म्हणाली?"

"फैलावर घेतलं मला," कंट्रोलर म्हणाले. "चार लोकांत. रांगेतल्या बायकासुद्धा ऐकत होत्या."

बायकोने त्यांच्याकडे पाहिलं. ते उन्हातून आल्याने लालबुंद झाले होते, शर्टाला माती होती आणि चेहऱ्यावर हसू मावत नव्हतं. ती आत गेली, न्हाणीघरातल्या स्वतःच्या बादल्या उचलल्या आणि आणखी एका ट्रेपुरती जागा करून दिली.